बायडाबाईंचं वाक्य

लग्नाचा मांडव असो की गंगेवरचा दहावा, बायडाबाई थेटे दिसल्या की कोणीतरी त्यांच्या पाया पडायला वाकायचंच. आणि वाकलेला माणूस सरळ होता होता ते वाक्य म्हणायचाच. "आता मी कथा झाले." म्हणताना आवाज खाली घ्यायचा, डोळे अर्धे मिटायचा, जणू तोंडात प्रसाद टाकलाय. बायडाबाई तिथून काढता पाय घ्यायच्या. एकदा पंचवटीच्या भाजीबाजारात, हातात कोथिंबिरीची जुडी असताना, एका निवृत्त मास्तरांनी त्यांना गाठलं आणि अख्खा शेवटचा प्रवेश म्हणून दाखवला. बाई जुडी तिथेच टाकून घरी आल्या. त्या दिवशी आमटी बिनकोथिंबिरीची झाली. सुनेनं, योगिनीनं, कारण विचारलं नाही. ती शहाणी होती.

वाक्य 'उतू' नाटकातलं, आणि नाटक त्यांच्या यजमानांचं. रंगनाथ थेटे दिवसा प्रेसमध्ये नोकरी करायचे आणि संध्याकाळी नाटकं लिहायचे. भाषणं करणारे सांगतात, की थेट्यांच्या आधी इथल्या हौशी मंडळींच्या नाटकात रंगवलेले राजवाडे असायचे, आणि नायिका क्षयानं मरायची तीही पल्लेदार बोलून मरायची. थेट्यांनी राजवाडे गुंडाळून माळ्यावर टाकले आणि त्या जागी स्वयंपाकघर मांडलं. खरा स्टो, खरा पाट, खरं दूध. दुसऱ्या अंकात नवरा-बायकोचं भांडण चालू असताना मागे दूध खरोखर उतू जायचं, आणि करपल्याचा वास पाचव्या रांगेपर्यंत पोचायचा. लोक खुर्चीत ताठ व्हायचे. नाशिकच्या रंगभूमीवर वास्तव अवतरलं ते असं, एका पातेल्यातून. ते दूध घरचं असायचं, लहानग्या सुनीलच्या वाटचं, हे भाषणात कोणी सांगत नाही.

आणि भांडण? तेही घरचंच.

थेट्यांना संवाद सुचायचे नाहीत. हे गुपित जगात फक्त एका माणसाला ठाऊक होतं. त्यांना ऐकू यायचे, पण त्यासाठी समोर कोणीतरी बोलावं लागायचं, आणि पोटातून बोलावं लागायचं. मग ते घरी आले की आधी चपलेनं उंबऱ्याला ठोकर मारायचे, भाजीला नाव ठेवायचे, बाईंच्या माहेरावर घसरायचे. बाई आधी गप्प, मग चिडून, मग रडत उत्तर द्यायच्या. कढ वर आला की थेट्यांचा चेहरा एकदम शांत व्हायचा. भाकरीचा तुकडा ताटात तसाच ठेवून ते आतल्या खोलीत जायचे आणि दार लोटून घ्यायचे. पहिली काही वर्षं बाईंना वाटायचं, माणसाला पश्चात्ताप होतो, म्हणून आत जाऊन बसतो. तो समज एका दुपारी फिटला, आणि मग 'उतू'च्या पहिल्या प्रयोगाला पहिल्या रांगेत बसून त्यांनी आपलंच तूरडाळीवरचं भांडण ऐकलं, नाक ओढण्यासकट. शेजारची बाई म्हणाली, किती खरं आहे ना. बाईंनी पदर तोंडाला लावला तो रडू आलं म्हणून नाही.

त्यानंतर त्यांनी घरात तोंड शिवून घेतलं. हो, नाही, वाढते, एवढंच. तर थेट्यांनी दोन नाटकं अशी लिहिली की ज्यात माणसं एकमेकांकडे बघत नुसती बसून राहतात. त्याला पुढे 'थेट्यांचा मौनाचा कालखंड' असं नाव पडलं. त्यावर पीएच.डी. करणारा एक मुलगा घरी येऊन विचारत होता, की सरांना हे मौन कुठून गवसलं. बाईंनी त्याला चहा दिला. बोलल्या असत्या तर त्यातूनही कोणीतरी चार पानं भरली असती.

राग असता तर बरं होतं. राग धुऊन निघतो. किळस भांड्याच्या काठाला चिकटून राहते, कितीही घासा. थेटे जाऊन बरीच वर्षं झाली तरी ती गेली नव्हती. तरी बाईंनी तिच्यासकट संसार केला, सुनीलला वाढवलं, आणि मग सुनीलची मोहिनी झाली. या नातीवर त्यांचा फार जीव. तिची वेणी घालून द्यायच्या, ती भरभरून बोलायची ते ऐकत बसायच्या. मोहिनी हसली की घरातली खिडकी उघडल्यासारखं व्हायचं. ती नाटकाचं शिकायला गेली तेव्हा सुनीलनं पेढे वाटले. बाईंनी पेढा हातात घेतला आणि बराच वेळ हातातच ठेवला.

शिक्षण संपवून मोहिनी परत आली ती 'उतू' पुन्हा करायचं ठरवूनच. दिग्दर्शक ज्ञानेश नावाचा तरुण, दाढी राखलेला, बोलताना हवेत चौकटी काढणारा. आजोबांची नात आजीचं काम करणार, आणि प्रयोग संपल्यावर खुद्द आजी रंगमंचावर येऊन ते वाक्य म्हणणार, शाल, श्रीफळ, अशी त्याची योजना होती. सुनीलला ती इतकी आवडली की त्यानं आईला न विचारताच हो म्हणून टाकलं. बाई म्हणाल्या, मी बघायला येईन, म्हणणार काही नाही. ज्ञानेशनं मान डोलावली, म्हाताऱ्या माणसांच्या नकाराला तरुण माणसं डोलावतात तशी.

मग सुरू झालं ते निराळंच. मोहिनी दिवसभर स्वयंपाकघरात स्टुलावर बसायला लागली. आजी पदर कसा खोचते, चिमट्यानं फुलका कसा उलटते, जिना चढून आल्यावर कुठला हात कमरेवर ठेवते. बाजारात म्हशीचे दात बघतात तसं ती बघायची. बाईंनी दुर्लक्ष केलं. पोर शिकतेय, शिकू दे. पण एके दिवशी कणीक मळताना मान वर केली, तर स्टुलावर मोहिनी नव्हती. चेहरा तिचाच होता, पण त्यावर ती शांतता बसली होती, भाकरी अर्धी टाकून उठणाऱ्या माणसाची. बाईंची बोटं कणकेत तशीच राहिली. त्या दिवसापासून त्यांना एकच धास्ती लागली. नाटक होवो न होवो, सगळं गाव ते वाक्य घोकत राहो, पण या पोरीला थेट्यांची विद्या लागू नये.

ती लागलीच होती. प्रयोगाच्या आधीच्या आठवड्यात, भर दुपारी, सुनील कामावर आणि योगिनी बँकेत असताना मोहिनी स्वयंपाकघरात आली आणि ओट्याला टेकून उभी राहिली. खूप जड आवाजात म्हणाली, आजी, एक सांगायचंय. बाबांना धीर होत नाहीये म्हणून मी सांगते. घर लहान पडतंय, तर बाबांनी दिंडोरी रोडला एक वृद्धाश्रम पाहिलाय. चांगला आहे. पहिल्या तारखेपासून.

बाईंनी ऐकलं. पायाखालची फरशी गार लागली. तोंडातून काहीतरी निघणार होतं, अगदी दातांपर्यंत आलं होतं, इतक्यात त्यांची नजर मांडणीवर गेली. हरभऱ्याच्या डाळीच्या डब्याला मोहिनीचा मोबाईल टेकवून ठेवलेला होता, डोळा बाईंकडे करून.

आलेलं वाक्य त्यांनी गिळलं. पण पोटानं ते ठेवून घेतलं नाही. बाई मोरीपर्यंत कशाबशा गेल्या आणि भडभडून ओकल्या. सकाळचा चहा, दुपारचा वरणभात, सगळं. मग नुसतं कडू पाणी. कपाळ नळाला टेकवून त्या उमासे देत राहिल्या.

मोहिनी घाबरली. खरीखुरी घाबरली, तेवढं बाईंना पाठीवरच्या हातावरून कळलं. खोटं होतं आजी, ती रडत म्हणायला लागली, बाबा असं कधी तरी करतील का, मला फक्त बघायचं होतं, तो क्षण मला सापडत नव्हता. बाईंनी चूळ भरली, तोंड पुसलं आणि सांगितलं, आधी तो बंद कर. मोहिनीनं मोबाईल बंद करून फ्रिजवर पालथा टाकला.

या पोरीला अजून हात आहेत, नुसते डोळे नाहीत, असं बाईंना वाटलं. आणि हिला जर कळलं की ते वाक्य मुळात काय होतं, तर हिची भूक जागच्या जागी मरेल. म्हणून मोरीच्या उंबऱ्यावर बसून, जे कोणाला कधी सांगितलं नव्हतं, ते त्यांनी सांगितलं.

बाई सटाण्याकडच्या. लग्न होऊन नाशकात आल्या तेव्हा बोलण्यात 'आहे'च्या जागी 'शे' यायचं, आणि सासूबाई चारचौघांत त्यांची नक्कल करून दाखवायच्या. वर्षभरात बाईंनी आपली जीभ राखेनं घासावी तशी घासून काढली. अहिराणी गेली, शहरी बोली आली, थेट्यांना दुसरी कुठली भाषा घरात ऐकायलाच मिळाली नाही. पुढे एका दुपारी थेटे अचानक म्हणाले, चालती हो या घरातून. भाजीवरून नाही, कशावरूनच नाही, नुसतं दार उघडून म्हणाले. बाईंच्या कडेवर सुनील होता. आईवडील दोघं गेलेले, भावांनी दार लावून घेतलेलं. आणि मग घासून काढलेल्या जिभेखालची जुनी जीभ बोलली. आते मी कथा जाऊ?

"कथा म्हणजे कुठे," बायडाबाई म्हणाल्या. "आमच्याकडे 'कुठे'ला कथा म्हणतात. मी विचारलं, आता मी कुठे जाऊ? ह्यांना त्यातलं 'कथा' तेवढं ऐकू आलं. लेखक ना. तोंड कसं उजळलं गं त्यांचं. मला दारात तशीच सोडून आत गेले, आणि तासाभरानं बाहेर पडून जिलबी घेऊन आले. म्हणाले, वेडे, मी तुला खरंच घालवणार होतो का, तिसरा अंक अडला होता."

मोहिनी फरशीकडे बघत होती.

"बाळंतपणात बाई अडते, गाय अडते," बाई म्हणाल्या. "ह्यांचा अंक अडला होता. मी ती जिलबी खाल्ली, मोहिनी. पोराला दूध पाजत होते, भूक लागायची."

मग मोहिनीनं विचारलं, की तू त्यांना कधीच सांगितलं नाहीस? बाई म्हणाल्या, सांगितलं असतं तर त्याचं चौथं नाटक झालं असतं. आणि मग म्हणाल्या, हे आता पोटात ठेव. मोहिनीनं त्यांच्या गुडघ्यावर डोकं ठेवलं आणि ठेवते म्हणाली. तिच्या केसांतून हात फिरवताना बाईंना खूप वर्षांनी हलकं वाटलं. ओकून झाल्यावर वाटतं तसं. त्या हलकेपणाचा फार भरवसा धरू नये, हे त्यांना कळायला हवं होतं.

प्रयोग रविवारी दुपारचा होता. थिएटर भरलं. बाई पहिल्या रांगेत, एका बाजूला नवा सदरा घातलेला सुनील, दुसऱ्या बाजूला योगिनी. मागच्या रांगांतली माणसं मान उंचावून त्यांच्याकडे बघत होती, प्राणिसंग्रहालयात पाटी वाचून मग प्राण्याकडे बघतात तशी. पडदा उघडला तर समोर त्यांचं स्वयंपाकघर. पितळी डबे, पाट, कोपऱ्यातली मोरी. पूर्वी नाटकात मोरी नव्हती. ही नवी होती.

मोहिनी त्यांच्यासारखा पदर खोचून आली. जिना चढल्याचा हात कमरेवर. लोक हसले, ओळखीचं हसू. दुसऱ्या अंकात दूध उतू गेलं आणि तो करपट वास पहिल्या रांगेत इतका दाट उतरला की बाईंनी नाकाला पदर लावला. योगिनीनं हळूच पर्समधून सुपारी काढून दिली.

तिसऱ्या अंकात नवरा म्हणाला, चालती हो. मोहिनी दारात उभी राहिली. मग मोरीपर्यंत धडपडत गेली, आणि ओकली. खोटं ओकणं, पण उमासा खरा होता. बाईंचाच होता, कपाळ नळाला टेकवण्यासकट. कोणीतरी मागे 'अरे बापरे' म्हटलं. आता पुढे काय येणार ते बाईंना कळलं, आणि येऊ नये म्हणून त्यांनी खुर्चीचे हात धरले. मोहिनी वळली, पदरानं तोंड पुसलं, समोर अंधाराकडे बघितलं. सगळं थिएटर ओठ हलवून तयार होतं, त्या पाठ असलेल्या वाक्यासाठी.

"आते मी कथा जाऊ?" मोहिनी म्हणाली.

आवाज इतका खरा होता, की बाईंना वाटलं आपणच बोललो. लोकांचे ओठ तसेच राहिले. कोणालाच काही कळलं नव्हतं. वाक्य बदललंय, एवढंच कळलं होतं. इथे दिवे जायचे होते.

आणि त्या शांततेत, पार मागच्या रांगेतून, शेताच्या बांधावरून बांधावर मारावी तशी हाक आली.

"मना घर चाल ना, माय."

ती होती मथाबाई, कळवणची. दिवे सांभाळणाऱ्या अमोलची आई. मुलाचं काम बघायला म्हणून आली होती, आयुष्यात पहिल्यांदा थिएटरात. दोन अंक तिला शहरातल्या माणसांचं बोलणं कंटाळवाणं वाटलं होतं. पण एका बाईनं ओकून, तोंड पुसून, तिच्या बोलीत विचारलं, की आता मी कुठे जाऊ, तेव्हा ते नाटक आहे हे तिच्या लक्षातच राहिलं नाही. बाई विचारतेय, कोणी उत्तर देत नाहीये, सगळे नुसते बसलेत. तिला ते बरं दिसलं नाही. म्हणून तिनं उत्तर दिलं. माझ्या घरी चल.

थिएटर हसलं. आधी मागे, मग सगळीकडे. आणि आईचा आवाज ऐकून वर अमोलचा हातच थांबला. दिवे गेलेच नाहीत. लखलखीत उजेडात मोहिनी उभी. तिला रडायचं होतं ते रडून झालं होतं, बोलायचं होतं ते बोलून झालं होतं. हातांचं काय करावं तेही तिला कळेना. तिनं एकदा बाजूला बघितलं, एकदा समोर. तिच्या चेहऱ्यावर त्या वेळी आजोबा नव्हते, आजी नव्हती, शिकलेलं काहीच नव्हतं. लाज होती. बाईंनी ती बघितली, आणि लहानपणी शाळेत चड्डी ओली झाली तेव्हा ही पोर अशीच उभी होती, हे त्यांना आठवलं. मग कोणीतरी पडदा ओढला.

ज्ञानेश माइक घेऊन पडद्यापुढे आला. त्यानं प्रसंग सावरला, हसून सांगितलं, की आज आपण एका ऐतिहासिक शोधाचे साक्षीदार आहात, मूळ वाक्याचा अर्थ आता खुद्द बायडाबाईच मंचावर येऊन उलगडतील. टाळ्या पडल्या. सुनील उठून आईला हात द्यायला लागला. बाई उठल्या. मंचाकडे न जाता मधल्या वाटेनं मागे चालायला लागल्या.

मथाबाई पदरात तोंड लपवून बसली होती. शेजारची पोरं अजून हसत होती. बाई तिच्यापाशी जाऊन उभ्या राहिल्या आणि तिला काय म्हणावं ते त्यांना सुचेना. अहिराणीत म्हणायचं होतं, आणि शब्द गोळा करताना म्हातारीची धांदल उडाली. शेवटी शहरी बोलीतच म्हणाल्या, की तुम्ही आत्ता जे म्हणालात ते खरं म्हणालात का. मथाबाई चपापली. तिनं बाईंचं लुगडं बघितलं, बांगड्या बघितल्या, चेहरा बघितला. मग म्हणाली, खोटं कशाला म्हणू, घर मोठं शे.

थोड्या वेळानं बाहेर पायरीवर सगळे जमले. सुनील समजावत होता, की आई, असं कोणाच्याही घरी जातात का, तुझ्या गोळ्या, तुझं पथ्य. योगिनीनं गोळ्यांची डबी पर्समधून काढून सासूच्या पिशवीत घातली, तेव्हा तो गप्प झाला. अमोल पार्किंगमधून गाडी काढायला गेला होता. मथाबाई जरा बाजूला उभी होती, आपण काय करून बसलो या विचारात, पण माघार घेणारी बाई ती दिसत नव्हती.

मोहिनी मेकअप न पुसताच आली. काजळ गालांवर उतरलेलं. म्हणाली, चुकले मी, आजी. ज्ञानेशला मी सांगितलं, पण लोकांना तुझं खरं कळावं म्हणूनच. तुला न्याय मिळावा म्हणून.

बाईंनी तिच्या गालावरचं काजळ अंगठ्यानं पुसलं.

"चुकली नाहीस," त्या म्हणाल्या. "तुला येतं ते. अगदी ह्यांच्यासारखं येतं, बाळा, त्यांच्यापेक्षाही चांगलं. मघाशी उमासा दिलास ना, माझ्या पोटात कळ आली. आणि मला तुझी किळस आली. कधी वाटलं नव्हतं, तुझी येईल."

मोहिनीचा चेहरा पडला. तिच्या हातात मोबाईल होता. ज्ञानेश जरा मागे उभा होता, त्याच्याही हातात होता, आणि त्याचा वर उचललेला होता. मोहिनीनं वळून बघितलं. दोन पावलं मागे जाऊन तिनं त्याचा हात धरून खाली केला. तो काहीतरी म्हणाला, हे सोन्यासारखं आहे, असलं काहीतरी. तिनं हात सोडला नाही.

बाईंनी ते बघितलं. बघितलं एवढंच. त्यावरून मोठी आशा बांधायचं त्यांचं वय नव्हतं, आणि मोरीच्या उंबऱ्यावर बांधलेली अजून ओली होती.

गाडी आली. मथाबाईनं मागचं दार उघडून आधी बाईंना बसवलं, मग स्वतः बसली, आणि ड्रायव्हरच्या सीटवरच्या मुलाला सांगितलं, हळू चालव, पाव्हणी शे. दिंडोरी नाका मागे पडला. मग मथाबाईनं विचारलं, तिखट चालतं का. बाई म्हणाल्या, चालतं. किती दिवस राहशील, ते तिनं विचारलं नाही. आपल्या म्हशीचं सांगत राहिली, ती दोन दिवस झाले वैरणीला तोंड लावत नव्हती, आणि बायडाबाई खिडकीला डोकं टेकवून, मध्ये मध्ये हूं म्हणत, ऐकत राहिल्या.